सनगन, गोरज मुहूर्त आणि होंग क्यूंग-प्यो

नववी ते बारावी, चार उन्हाळे मी कराडला मामांच्या हाताखाली सनगन धरलीये. ज्यांची लग्नं दोन हजारच्या आसपास झाली त्यांना सनगन म्हणजे काय हे सांगायला नको, बाकीच्यांसाठी सांगते: हजार वॅटचा हॅलोजनचा दिवा, त्याला मूठ, मुठीतून निघालेली लांबलचक वायर, ती मांडवातल्या कुठल्यातरी बोर्डात खुपसलेली, आणि तो दिवा उंच धरून व्हिडिओ शूटिंगवाल्याच्या खांद्यामागे उभं असलेलं एक घामाघूम पोरगं. मामांचा ठरलेला पोरगा ऐन सीझनमध्ये गायब झाला म्हणून मला उभं केलं होतं. आजी जाम चिडली, पोरीच्या जातीला लग्नात दिवा धरायला लावतोस म्हणाली, पण मामांच्या लगेच लक्षात आलं की बांगड्या भरणं, हळद, नवरीची खोली, जिथे जिथे पोरगा घुसू शकत नाही तिथे मी बिनधास्त घुसते. मग मी परमनंट झाले.

सनगनचं एक आहे, ज्याच्या तोंडावर मारता तो माणूस ताबडतोब खोटा होतो. डोळे मिचकावतो, हसू चिकटवतो, घास हातातच ठेवतो. पंगतीत आम्ही पोचलो की ओळीने सगळे जिलबी हातात धरून पुतळे. आणि जी दिवा धरते ती कुठल्याच कॅसेटमध्ये नसते. असलीच तर मागच्या भिंतीवर चुकून पडलेली कोणाच्या तरी हाताची सावली, किंवा नवरीमागच्या आरशात एक पांढरा भपकारा.

हे सगळं आज आठवायचं कारण एक कोरियन कॅमेरामन आहे. होंग क्यूंग-प्यो. (होंग हे आडनाव. तिकडे आडनाव आधी.) त्यांचे पिक्चर तुम्ही पाहिलेले असण्याची शक्यता भरपूर आहे, नाव ऐकलेलं असण्याची कमी. ‘पॅरासाइट’ त्यांनी शूट केला, ‘बर्निंग’ त्यांनी, ‘मदर’, ‘स्नोपिअर्सर’, ‘द वेलिंग’, आणि जपानी दिग्दर्शक हिरोकाझु कोरे-एदाने कोरियात येऊन केलेला ‘ब्रोकर’ पण त्यांनीच. आपल्याकडे कोरियन सिनेमाची चर्चा झाली की बोंग जून-हो, पार्क चान-वूक, ली चांग-डोंग अशी दिग्दर्शकांची नावं घेतली जातात आणि गाडी तिथेच थांबते. मी पण तशीच होते. एका पावसाळ्यात लागोपाठ ‘मदर’ आणि ‘बर्निंग’ पाहिले आणि मला वाटायला लागलं की दोन वेगळ्या दिग्दर्शकांच्या या दोन पिक्चरमधला सूर्य मात्र एकच आहे. सूर्य एकच असतो हे मलाही कळतं हो, पण म्हणजे बघण्याची नजर. क्रेडिट मागे नेऊन बघितलं तर नाव तेच.

मराठीत ऊन वेगळं आणि उजेड वेगळा, आणि मला वाटतं होंगचं काम समजून घ्यायला हा फरक फार उपयोगी पडतो. उजेड कुठूनही येतो, ट्यूबलाइटचा पण उजेडच. ऊन मात्र एकाच ठिकाणाहून येतं, त्याला दिशा असते, वेळ असते, आणि ते सगळ्यांच्या घरात येत नाही. या माणसाचे पिक्चर एकामागून एक बघितले की कळतं, यांचा जीव अडकलाय तो त्या दुसऱ्या गोष्टीत. ऊन कोणाच्या दारात येतं, किती वाजता येतं, किती मिनिटं थांबतं.

‘बर्निंग’ २०१८ चा. दिग्दर्शक ली चांग-डोंग, मूळ कथा जपानी लेखक हारुकी मुराकामीची. त्यात हे-मी नावाची मुलगी सोलमध्ये एका चिमुकल्या भाड्याच्या खोलीत राहते. खोलीचं तोंड उत्तरेला. कोरियात घराचं तोंड दक्षिणेला असणं ही मोठी गोष्ट आहे, जाहिरातीत ठळक लिहितात, कारण तिथल्या हिवाळ्यात दक्षिणेचं ऊन म्हणजे फुकटातली शेगडी. आपण उन्हापासून पळणारी माणसं, आपल्याला पूर्वेचं कौतुक आणि ते सुद्धा वास्तुशास्त्रामुळे, त्यामुळे उत्तरेच्या खोलीचं दुःख आपल्याला पटकन कळत नाही. हे-मी सांगते की खोली थंड आहे, अंधारी आहे, पण दिवसातून एकदा नामसान टॉवरच्या काचांवरून परावर्तन होऊन ऊन आत येतं. थोडाच वेळ. नशीब असेल तरच दिसतं.

आणि मग ते दिसतं. भिंतीवर, एक छोटा तुकडा. कोरियन लोक त्याला काय म्हणतात कोण जाणे, आपल्याकडे त्याला नेमका शब्द आहे, कवडसा. त्या पोरीला सूर्य डायरेक्ट मिळतच नाही, तिला मिळतं ते कुठल्यातरी टुरिस्ट टॉवरच्या काचेवर आपटून आलेलं सेकंडहँड ऊन. जोंग-सू, म्हणजे नायक, तिच्या मिठीत असताना तिच्याकडे बघायचं सोडून त्या कवडशाकडे बघतो. कॅमेरा पण तिकडे बघतो. तेवढ्यात तो कवडसा जातो. पुढे हे-मी अख्खीच्या अख्खी नाहीशी होते, आणि पिक्चर संपेपर्यंत आपल्याला ठाम सांगता येत नाही की तिचं काय झालं, तिने सांगितलेली विहीर होती की नव्हती, तिचं मांजर होतं की नव्हतं. पण तो कवडसा होता. तो आपण बघितलाय. सगळ्या पिक्चरमध्ये तेवढी एकच गोष्ट मी कोर्टात शपथेवर सांगू शकेन.

मी पुण्यात शिकायला आले तेव्हा एका सोसायटीत पार्किंगच्या कडेला, मीटरबॉक्सला लागून असलेल्या खोलीत आम्ही तिघी राहायचो. वरच्या गजाच्या झरोक्यातून सकाळी वीसेक मिनिटं ऊन यायचं आणि ते बरोबर माझ्या कॉटवर पडायचं म्हणून बाकीच्या दोघी मला जास्त भाडं दे म्हणायच्या. चेष्टेत. पण एकदा परीक्षेच्या दिवसात त्यावरून खरंच भांडण झालं, केस वाळवायला उन्हात कोण बसणार यावरून, आणि ते आठवडाभर चाललं. तेव्हा हसू आलं नव्हतं, ‘बर्निंग’ बघताना आलं, आणि मग पुढची दहा मिनिटं पिक्चरमध्ये काय झालं ते कळलं नाही, मागे न्यायला लागला.

त्याच पिक्चरमध्ये तो संध्याकाळचा सीन आहे ज्यावर लोकांनी पानंच्या पानं लिहिलीत. पाजू, उत्तर कोरियाच्या सीमेजवळचं गाव, इतकं जवळ की पलीकडच्या लाउडस्पीकरचा प्रचार इकडे ऐकू येतो. जोंग-सूच्या बापाचं शेतावरचं घर. अंगणात तिघं बसलेत, तो, हे-मी आणि बेन, तो पैसेवाला गुळगुळीत बेन. सूर्य बुडालाय. गाडीत माइल्स डेव्हिसचा ट्रम्पेट लागलाय आणि हे-मी उठते, अंगातला टॉप काढते आणि आकाशाकडे तोंड करून नाचायला लागते. हाताचा पक्षी करते. ती जवळजवळ सगळी काळी आकृती आहे, मागे आकाश केशरी आणि वर निळं होत चाललेलं, बाजूला एक झेंडा फडफडतोय. कट नाही. संगीत संपतं, ती मात्र नाचत राहते, आणि मग रडायला लागते.

इंग्रजीत याला मॅजिक अवर म्हणतात, जे साफ खोटं आहे, तासबीस काही नसतो, सूर्य गेल्यावर हातात उरतात पंधरा-वीस मिनिटं. आपल्याकडे याला जास्त प्रामाणिक शब्द आहेत, तिन्हीसांजा, कातरवेळ. आजी या वेळेला झोपू द्यायची नाही, केस विंचरू द्यायची नाही, दारात बसू द्यायची नाही. कातर म्हणजे घाबरं. ‘बर्निंग’मधला तो सीन मॅजिक नाहीच आहे, कातर आहे, आणि मला तो शब्द माहीत असल्यामुळे मी तो सीन तिकडच्या समीक्षकांपेक्षा थोडा जास्त बघितला असं उगाच वाटतं. असो.

धंद्याच्या बाजूने बघितलं तर ही वेळ म्हणजे डोक्याला ताप. लग्नात गोरज मुहूर्त असला की मामांचा पारा चढलेला असायचा. मंगलाष्टकं सुरू झाली तेव्हा आकाशात उजेड होता, भटजींनी आणि नवरीच्या तीन मावश्यांनी मिळून अकरा कडवी म्हटली, ‘शुभमंगल सावधान’पर्यंत पार काळोख. दर मिनिटाला उजेड कमी होतोय, कॅमेऱ्याचं आयरिस, म्हणजे उजेड आत घेणारं भोक, किती उघडणार, शेवटी मामा माझ्याकडे न बघता फक्त डावा हात हलवायचे आणि मी फटकन सनगन पेटवायचे, की संपलं, आकाश गेलं, झाडं गेली, उरली दोन पांढरीफटक तोंडं आणि मागे काळा पडदा.

होंगने तिथे सनगन पेटवली नाही, एवढंच. बोलायला सोपं आहे. पण उजेड कमी होत असताना एवढा लांब शॉट कट न करता घ्यायचा म्हणजे अॅक्टर, फोकस सांभाळणारा, कॅमेरा, सगळ्यांनी आख्खा दिवस त्या पंधरा मिनिटांसाठी तयारी करायची, आणि चुकलं तर उद्या. पुन्हा आख्खा दिवस. उद्या ढग आले तर परवा. हे असं थांबणं परवडायला निर्माता तसा लागतो, दिग्दर्शक तसा लागतो, आणि ‘साहेब, आज नको, आज आकाश बरोबर नाही’ असं म्हणायची कॅमेरामनची पत लागते. पत एका दिवसात येत नाही.

ती कशी आली ते थोडक्यात. जन्म १९६२ चा. कोरियात नव्वदच्या शेवटी सिनेमाची जी लाट आली त्या लाटेच्या सुरुवातीपासून हा माणूस पाण्यात आहे. १९९९ ची ‘फँटम द सबमरीन’, म्हणजे अख्खा पिक्चर पाणबुडीत, खिडकी नावाची गोष्टच नाही. त्याच्या पुढच्याच वर्षी ‘इल मारे’, समुद्राकाठी खांबांवर उभं असलेलं घर, भरती आली की खाली पाणी, दोन वर्षांच्या अंतराने त्याच घरात राहणारी दोन माणसं आणि मधे एक पत्रपेटी. (हॉलिवूडने नंतर २००६ मध्ये त्याचा ‘द लेक हाउस’ केला.) आधी बिनखिडकीची पाणबुडी आणि मग नुसतं खिडक्यांचंच घर. मला हे लागोपाठ वाचल्यावर फार गंमत वाटली. मग २००३ ची ‘सेव्ह द ग्रीन प्लॅनेट’, वेडाचार आहे, पण बघाच. २००४ ची ‘तेगुकगी’, कोरियन युद्धातल्या दोन भावांची गोष्ट, तिकडे एक कोटीच्या वर तिकिटं खपली. युद्धाचे सीन धुळीने आणि थरथरणाऱ्या कॅमेऱ्याने भरलेले आहेत, त्या काळात सगळे तसंच करत होते, मला विशेष काही वाटलं नाही. माझ्यासाठी होंग खरे सुरू होतात ‘मदर’पासून.

‘मदर’ २००९ चा, बोंग जून-होबरोबरचा त्यांचा पहिला. सुरुवातीला वाळलेल्या गवताच्या माळावर एक बाई एकटी चालत येते आणि नाचायला लागते. का, ते कळायला अख्खा पिक्चर जातो. ते सोडा, शेवटाबद्दल बोलायचंय. (ज्यांनी पाहिला नाही त्यांनी हा परिच्छेद सोडून द्या, खरंच.) त्या आईने आता जे केलंय ते तिला विसरायचंय. म्हाताऱ्या आईबापांच्या सहलीची बस आहे. ती मांडीवर स्वतःच अॅक्युपंक्चरची सुई टोचून घेते, जिथे टोचलं की वाईट आठवणी विसरतात म्हणे त्या जागेवर, आणि उठून बाकीच्या बायकांबरोबर बसच्या मधल्या जागेत नाचायला लागते. आणि कॅमेरा बसच्या बाहेर आहे. शेजारून धावतोय, लांब लेन्स, सगळं हादरतंय, आणि बसच्या पलीकडे, अगदी आडवा, बुडता सूर्य. ऊन बसच्या पलीकडच्या खिडक्यांतून शिरून अलीकडच्या खिडक्यांतून थेट लेन्समध्ये येतंय. आतल्या बायकांच्या नुसत्या काळ्या आकृत्या, एकमेकींत मिसळलेल्या. पिक्चरभर आपण जिच्या तोंडाकडे बघत होतो ती यातली कोण हे ओळखू येत नाही. गुन्हेगार बाई गर्दीत विरघळली, आणि तिला विरघळवलं कोणी तर उन्हाने.

आता बघा हं, हा शॉट घ्यायला काय काय लागतं. सूर्य बसच्या बरोबर आडवा हवा, म्हणजे बस उत्तर-दक्षिण धावायला हवी. सूर्य खिडकीच्या उंचीवर हवा, म्हणजे दिवसातून मोजून काही मिनिटं. रस्ता सरळ हवा, आणि सूर्याच्या बाजूला डोंगर, झाडं, बिल्डिंगा नकोत, आणि कोरिया म्हणजे जिकडे बघाल तिकडे डोंगर. दुसऱ्या गाडीत कॅमेरा, दोन्ही गाड्यांचा वेग सारखा. आणि आत नाचणाऱ्या बायकांना कळलं पाहिजे की आता, आत्ताच. इथे कुठलाही दिवा कामाचा नाही. जगातली सगळ्यात मोठी सनगन आणलीत तरी असं ऊन पडत नाही. इथे कॅमेरामनचं काम म्हणजे पंचांग बघणं आणि रस्ता शोधणं. मामा म्हणायचे, शूटिंगवाल्याचं निम्मं काम कॅमेरा बॅगेत असतानाच होतं.

‘मदर’नंतर बोंगबरोबर ‘स्नोपिअर्सर’, २०१३. प्राग शहरातल्या बारांदोव स्टुडिओत सेट लावून, फिल्मवर शूट केलेला, कोरियात तोवर जवळजवळ सगळे डिजिटलवर गेले होते. बर्फाने मेलेल्या जगात एक रेल्वे फिरतेय, शेपटीला गरीब, इंजिनाकडे श्रीमंत. शेपटीच्या डब्यांना खिडक्या नाहीत. बस्स, वर्गसंघर्षावर अजून काय लिहायचं? मधे एक मारामारी आहे, गाडी बोगद्यात शिरते, समोरच्या सैनिकांकडे अंधारात बघायचे चष्मे आहेत, शेपटीवाल्यांकडे काही नाही, आणि मागून एक पोरगा मशाल घेऊन पळत येतो. डब्यामागून डबे, हातातून हातात. उजेड धरून पळणारं पोरगं! मी थिएटरात असते तर उभी राहिले असते.

‘द वेलिंग’वर लिहायला बसले तर वेगळा लेख होईल. ना होंग-जिनचा, २०१६ चा, गोकसोंग नावाच्या डोंगराळ तालुक्यातला, पाऊस, चिखल, धुकं, आणि अडीच तास अशी भीती की ती कुठून येतेय ते कळत नाही. मी कोकणात आजोळ असलेल्या एका मैत्रिणीबरोबर पाहिला आणि ती अर्ध्यात म्हणाली की हे तर आमच्या आषाढातलं दुपारचं चार वाजता असतं तसं आहे, दिवस आहे पण दिवस नाही. बरोबर बोलली. ऊन नाही, नुसता उजेड, आणि तोही ओला. शेवटी पहाट होते, कोंबडा आरवतो, आणि ती निळी पहाट सगळ्या रात्रींपेक्षा भयानक आहे.

आता ‘पॅरासाइट’. २०२० च्या सुरुवातीला पुण्यात थिएटरमध्ये पाहिला, म्हणजे थिएटरं बंद व्हायच्या जरा आधी. गोष्ट सगळ्यांना माहीत आहे, गरीब किम कुटुंब अर्ध्या तळघरात राहतं आणि एकेक करून श्रीमंत पार्कांच्या बंगल्यात नोकरीला घुसतं. त्या अर्ध्या तळघराला कोरियनमध्ये बांजिहा म्हणतात. सोलमध्ये अशी हजारो घरं आहेत. १९७० च्या सुमारास उत्तर कोरियाच्या हल्ल्याच्या भीतीने नव्या इमारतींना तळघरं करायला लावली, पुढे शहरात जागा मिळेना तेव्हा त्यातच भाडेकरू आले. खिडकी असते, पण ती बाहेरच्या रस्त्याच्या पातळीवर. ऑगस्ट २०२२ मध्ये सोलला प्रचंड पाऊस झाला तेव्हा अशाच घरात पाणी शिरून खरीखुरी माणसं बुडून मेली, पिक्चर येऊन तीन वर्षं झाली होती.

पिक्चरमध्ये ते बांजिहा आणि ती अख्खी गल्ली सेट आहे, पाण्याच्या टाकीत बांधलेली, कारण नंतर ती बुडवायची होती. आणि पार्कांचा बंगला पण सेटच, खालचा मजला आणि बाग मोकळ्या जागेवर बांधलेली. बंगला बांधायच्या आधी प्रॉडक्शन डिझायनर ली हा-जून आणि होंग त्या प्लॉटवर जाऊन सूर्य बघत बसले, किती वाजता कुठे असतो, आणि त्यावरून खिडक्या कुठे आणि केवढ्या ते ठरवलं. म्हणजे आपण फ्लॅट घेताना ब्रोकरला विचारतो ना, सकाळचं ऊन कुठून येतं, तसंच, फक्त इथे घर नंतर बांधलं. पार्कांच्या हॉलमध्ये टीव्ही नाही. टीव्हीच्या जागी ती प्रचंड काच, आणि काचेत बाग, आणि बागेवर ऊन. रोज तोच प्रोग्राम. रात्री त्या घरात दिवे दिसतात ते पण मऊ, पिवळसर, कुठून येतात ते कळत नाही. आणि किमांच्या घरात, गल्लीत, हिरवट ट्यूब आणि रस्त्यावरचे पिवळे दिवे. कॅमेरा त्यांनी मोठ्या सेन्सरचा वापरला, अलेक्सा ६५, त्यामुळे तो बंगला पसरट दिसतो पण वेडावाकडा होत नाही, आणि तळघरात उलट वाटतं की भिंती अंगाला लागतायत.

पहिला शॉट आठवा. बांजिहाची खिडकी, वाळत घातलेले मोजे, बाहेर रस्ता, आत ऊन आलंय. मग कॅमेरा सरळ खाली उतरतो आणि मोबाइलला वायफाय शोधणारा पोरगा दिसतो. शेवटचा शॉट पण तोच, तीच खिडकी, तसाच कॅमेरा खाली. फक्त रात्र आहे आणि बाहेर बर्फ. मधे दोन तासात जे झालं त्याचा सगळा हिशोब या दोन उतरण्यांमध्ये आहे.

पुराची रात्र संपते आणि दुसऱ्या दिवशी स्वच्छ ऊन पडतं ना, तो भाग मला सगळ्यात जास्त लागला. किम कुटुंब जिमच्या फरशीवर शेकडो लोकांबरोबर झोपून उठलंय, आणि श्रीमंत बाई फोनवर सांगतेय की पावसाने कसं बरं झालं, आकाश धुऊन निघालं, आज पार्टी करूया. तेच ऊन. होंगने तिथे काहीही केलेलं नाही असं वाटतं, नुसतं कडक दुपारचं ऊन पाडलंय, सगळ्यांच्या तोंडावर सारखं, आणि त्या उन्हात मग सुरी निघते.

पण माझा श्वास अडकला तो वेगळ्याच जागी. बंगल्यात पार्कसाहेब कामावरून आले की जिन्यावरचे दिवे आपोआप लागतात. त्यांना वाटतं सेन्सर आहे. सेन्सर वगैरे काही नाही, खाली तळघरात लपलेला एक माणूस भिंतीवरची बटणं दाबतोय, कपाळाने, त्यांच्या सन्मानार्थ. साहेब एकेक पायरी चढतायत आणि एकेक दिवा लागतोय. थिएटरात लोक हसले. मी पण हसले असेन. आणि मग एकदम हजार वॅटच्या दिव्याची ती मूठ हाताला आठवली, रुमाल गुंडाळून धरायला लागायची इतकी तापायची, आणि स्टेजवरच्या नवरदेवाने चार वर्षांत एकदाही, एकदाही दिव्यामागे कोण आहे ते बघितलं नव्हतं. बघणार कसा, दिवाच डोळ्यात.

ऑस्करला ‘पॅरासाइट’ला सहा नामांकनं होती आणि चार मिळाली, बेस्ट पिक्चर धरून. सिनेमॅटोग्राफीचं नामांकन सुद्धा नव्हतं. त्या वर्षी ते रॉजर डीकिन्सला ‘१९१७’साठी मिळालं, तेही काम थोरच आहे, तक्रार नाही, पण नामांकन? पाच जागा असतात हो. मला वाटतं कारण साधं आहे, ‘१९१७’चा कॅमेरा दिसतो, होंगचा दिसत नाही. ‘काय शॉट मारलाय’ असं म्हणायला तो जागा देत नाही. उन्हाबद्दल सूर्याला बक्षीस देतं का कोणी?

हे पण सांगितलं पाहिजे की हे सगळं एकट्या होंगचं नाही. कोरियात लाइटिंगचा डायरेक्टर वेगळा असतो, त्याचं नाव वेगळं येतं, तिकडे पुष्कळदा कॅमेरा आणि लाइटिंग मिळून एक बक्षीस देतात. मला हे फार आवडलं. दिवा धरणाऱ्याचं नाव पाटीवर. बोंगने पुढे ‘मदर’ आणि ‘पॅरासाइट’ दोन्हींच्या ब्लॅक अँड व्हाइट आवृत्त्या केल्या, त्या जमल्या तर बघा, रंग काढल्यावर नुसता हिशोब उरतो, कोणावर उजेड आणि कोणावर नाही.

‘ब्रोकर’ २०२२ चा, जरा गोड आहे, माझ्या चवीला साखर जास्त. पण त्यात एक हॉटेलची खोली आहे. टाकून दिलेलं बाळ, त्याची आई, त्याला विकायला निघालेले दोन पुरुष आणि एक पळून आलेला पोरगा, सगळे एका खोलीत. कोणीतरी त्या आईला म्हणतं, प्रत्येकाला सांग, तू जन्माला आलास ते बरं झालं. ती म्हणते, आधी दिवा घालवा. आणि मग अंधारात, एकेकाचं नाव घेऊन सांगते. तोंडं नीट दिसत नाहीत. सनगनवाल्या पोरीला एवढं नक्की माहीत आहे की दिवा असता तर तिने सांगितलं नसतं.

मागच्या दिवाळीत कराडला गेले होते. मामांनी धंदा कधीच बंद केला, आता मोबाइल रिचार्ज आणि झेरॉक्सचं दुकान आहे, मागच्या खोलीत जुना खांद्यावरचा पॅनासॉनिक गोणपाटात गुंडाळून ठेवलाय, विकत नाहीत. दुकानात गिऱ्हाईक नव्हतं म्हणून मी मोबाइलवर ‘मदर’चा शेवट लावला, आधीची गोष्ट दोन वाक्यात सांगितली आणि म्हटलं मामा, हे बघा. चष्मा कपाळावर सरकवून बघितलं. पुन्हा लाव म्हणाले. पुन्हा बघितलं.

“रस्ता दक्षिणोत्तर हाय,” म्हणाले.

मी म्हटलं हो.

“आपला सातारा हायवे पण तसाच की.” मोबाइल माझ्या हातात परत दिला. “साताऱ्याची लग्नं असायची ना आपली, तवा येताना नाही, पण जाताना संध्याकाळी वऱ्हाडाच्या गाडीत असाच उजेड शिरायचा बघ डावीकडनं. बायका गाणी म्हणत असायच्या. तू बी नाचलीयस एकदा.”

मला आठवत नव्हतं. काढलं नाहीत का कधी, मी विचारलं.

“कशानं काढतो? बॅटरी उद्यासाठी राखून ठेवायचो.”